पहिली ढेप

रोहे, ६ एप्रिल १९८७

प्रिय दत्तू,

पुष्कळ दिवसांनी लिहितो आहे, तेही कामासाठी. रागावू नकोस. शाळेतून निवृत्त झाल्यापासून पेण आणि रोहे या दोन तालुक्यांतल्या गावांची माहिती गोळा करतो आहे, हे तुझ्या कानावर आलंच असेल. त्याचं पुस्तक निघतं आहे. गागोद्याला दोनदा जाऊन आलो. तिथल्या एका म्हाताऱ्याने मला दुपारभर बसवून गावातल्या विहिरी, त्या कोणी खोदल्या, कोणत्या कधी आटल्या, सगळं सांगितलं. नागोठण्याला तीन दिवस राहिलो. डोंगरातल्या वाड्यासुद्धा सोडल्या नाहीत. राहिलं आहे ते आपलंच तामसखार.

तेव्हा एवढं कर. गावाचं नाव कशावरून पडलं, घरं किती, देवळं किती, गोड्या पाण्याची सोय कुठे, मिठागरं किती चालतात आणि बापदेवाच्या जत्रेची तिथी कोणती, हे सविस्तर लिहून पाठव. लहानपणी माझ्याकडून पाढे शिकलास, त्याची ही दक्षिणा समज. छापखानेवाला घाई करतो आहे.

सुहासिनीचा नमस्कार.

तुझा,
नीलकंठ

*

तामसखार, ता. पेण
१४ एप्रिल १९८७

नीलकंठभाऊंना दत्तात्रेयचा साष्टांग नमस्कार.

पत्र पोचलं. घरं एकशे बारा, त्यांतली नऊ बंद, बंदमध्ये तुमचं एक. बापदेवाची जत्रा चैत्री पौर्णिमेला, ती कालच झाली. पहिला नारळ तुमच्या घराचा असतो. तो सलग तिसऱ्या वर्षी तसाच ठेवावा लागला. तिथी तुम्ही विचारता याचंच नवल वाटलं. बाकीचं सवडीने लिहितो.

माझं काम जास्त निकडीचं आहे. खाडीकडच्या बाहेरकाठ्याच्या बांधातला तुमच्या वाट्याचा तुकडा खचला आहे. भरतीचं पाणी अडवणाऱ्या उघाडीच्या दारापासून वडाच्या खुंटापर्यंतचा. दोन वर्षं तुम्ही आला नाहीत, म्हणून दोन वर्षं त्यावर मातीचं घमेलं पडलेलं नाही. खेकड्यांनी पोखरून काढला आहे. परवा मी काठी खुपसली, ती हातभर आत गेली.

रीत तुम्हाला सांगायला नको. ज्याची जमीन, त्याने आपल्या हाताने चिखलाची पहिली ढेप लावायची, मग सगळा गाव त्याच्या तुकड्यावर उतरणार. तुमच्या हाताशिवाय कोणी त्याला शिवणार नाही. ज्याने पहिली ढेप लावली त्याची जमीन, असं आपल्याकडे वाडवडलांपासून धरतात. दुसऱ्याने लावली तर तो जमिनीवर हक्क सांगतो असा अर्थ होतो, आणि तेवढ्यावरून पूर्वी डोकी फुटलेली आहेत.

ज्येष्ठी पौर्णिमेचं उधाण अकरा जूनला आहे. तोवर बांध सुकलेला पाहिजे. एका सकाळचं काम आहे. पहिल्या एसटीने या, दुपारी जेवून परत जा.

आपला,
दत्तात्रेय

*

रोहे, २३ एप्रिल १९८७

प्रिय दत्तू,

घरांची संख्या कळली, आभार. पण नावाची कथा राहिली, आणि गोड्या पाण्याचंही राहिलं. मिठागरांचं तर तू एक अक्षरही लिहिलं नाहीस रे. किती, कोणाची, मीठ जातं कुठे, हे हवं.

बांधाचं वाचलं. सध्या माझी पाठ धरली आहे. एसटीचे धक्के सोसत नाहीत. शिवाय छापखान्यातून रोज मुद्रितं येतात, ती तपासायला दुसरं कोणी नाही. खरं म्हणजे बांधाची जबाबदारी आता सरकारची असते. तू कचेरीत अर्ज का करत नाहीस? तुझं अक्षर चांगलं आहे.

आणि ही पहिल्या ढेपेची रीत मला पुस्तकात घ्यायची आहे. किती जुनी आहे, कोणी घालून दिली, ते म्हाताऱ्यांना विचारून कळव.

तुझा,
नीलकंठ

*

तामसखार, ४ मे १९८७

नीलकंठभाऊंस नमस्कार.

अर्ज केला होता, मागच्या वर्षीच. दोन साहेब आले, बांधावरून चालले, नारळपाणी प्यायले आणि "तुकडा नादुरुस्त आहे" असं लिहून गेले. ते आम्हाला ठाऊक होतं.

गावापुढे विषय काढला. म्हटलं, नीलकंठभाऊंची पाठ दुखते, आपणच लावू या ढेप. नाथा म्हाताऱ्याने चिलीम खाली ठेवली आणि मला विचारलं, "तुला त्यांची जमीन पायजे काय रं दत्ता?" मी म्हटलं, नाय. "मंग त्यांच्या बांधाला हात कशाला लावतंस?" मी म्हटलं, पाणी आलं तर एकट्या त्यांच्या शेतात येणार नाही, सगळ्यांच्या येईल, तीन वर्षं दाणा पिकणार नाही. तर सगळे माना डोलावतात. "व्हय, येल. सगल्यांच्या येल." आणि घरी जाऊन झोपतात. ज्यांना हे पटलं असतं ती तरणी पोरं नागोठण्याकडे कंपनीच्या बांधकामावर जातात. संध्याकाळी येतात ती दमून.

या माणसांनी मला वैताग आणला आहे, आणि तुम्ही त्यांच्या वर. ते निदान समोर बसून नाही म्हणतात.

तुमची जमीन करते ती ठमाबाई रोज बांधावर जाऊन उभी राहते. नवरा हिरामण गेल्यापासून चार एकर एकटीने ओढते आहे, शिवाय हंगामात मिठागरावर टोपल्या वाहते. काल मला म्हणाली, "दत्ताभाऊ, मास्तर येनार हायत का नाय, तेवढां सांग. नाय तर मी रोपांसाठी राब कशाला भाजू?" काय सांगू तिला? तुमची पाठ दुखते म्हणून?

रीत किती जुनी ते कोणाला माहीत नाही. नाथा म्हणतो, समुद्राएवढी. पुस्तकात तसं लिहा.

दत्तात्रेय

*

रोहे, १२ मे १९८७

प्रिय दत्तू,

तुझ्या पत्रातला सूर मला आवडला नाही, पण तू वैतागलेला आहेस हे समजू शकतो. मी तोड काढली आहे. सोबत वेगळ्या कागदावर लिहून, सही करून देतो आहे की माझ्या वाट्याच्या बांधावर पहिली ढेप लावण्याचा अधिकार मी एका वेळेपुरता दत्तात्रेय कान्हू ठाकूर यांस देत आहे, आणि त्यावरून जमिनीवर कोणाचा हक्क उत्पन्न होणार नाही. हा कागद गावाला वाचून दाखव. आता तरी कोणाची हरकत नसावी.

तू काही धड लिहीत नाहीस, म्हणून तामसखारचा मजकूर शेवटी मीच आठवणीने तयार केला. तोही सोबत आहे. तोसुद्धा गावाला वाचून दाखव. चूक असेल तर महिनाअखेरपर्यंत कळव. त्यानंतर पान छापलं जाईल.

पाठ अजून तशीच आहे.

तुझा,
नीलकंठ

*

तामसखार, १९ मे १९८७

नीलकंठभाऊ,

दोन्ही कागद रविवारी बापदेवापुढे वाचले. जे झालं ते जसंच्या तसं लिहितो.

आधी अधिकाराचा कागद वाचला. सगळ्यांनी शांतपणे ऐकला. मग नाथा म्हणाला, "ह्यो कागुद बांधावर चिटकवला तर उधान वाचून मागं फिरंल काय?" लोक हसले. झालं. तुमचा कागद मी घडी करून ठेवला आहे.

मग मजकूर वाचला. लोकांना आवडला. घरं, देवळं, मिठागरं, जत्रा सगळं बरोबर आहे. नाथाच्या आजाचं नाव आल्यावर त्याने ते दोनदा वाचायला लावलं. मग तुमच्या वडिलांचं हे वाक्य आलं: "भूदानाच्या काळात येथील त्र्यंबकराव गुप्ते यांनी आपली चार एकर जमीन देवासमोर एका भूमिहीन कुटुंबास दान केली." मी ते वाचलं आणि पुढच्या वाक्यावर गेलो.

ठमाबाई मागे बायकांत बसली होती. ती उठून म्हणाली, "दत्ताभाऊ, थांब. मागलां परत वाच."

मी परत वाचलं.

"त्र्यंबकरावांची गावात किती जमीन व्हती?"

नाथाने सांगितलं, "चारच एकर गो. तूच करतंस ती."

"आनि तवा गावात बिनजमिनीचा कोन व्हता?"

सगळ्यांना माहीत आहे. तेव्हा हिरामणचं एकच घर तसं होतं.

ती म्हणाली, "मास्तरांनी छापलंय म्हंजी खरांच असंल. मंग ती जमीन कोनाची? आनि बांध कोनाचा?" आणि भांडी घासायची आहेत म्हणून निघून गेली.

आता तुम्ही मला कळवा, मी काय सांगू. आजपासून तेवीस दिवस उरले आहेत.

दत्तात्रेय

*

रोहे, २४ मे १९८७

दत्तू,

ते वाक्य तुला गाळता आलं असतं. मजकूर तुझ्या हातात होता. देवळात उभं राहून तू ते का वाचलंस?

मी छापखान्यात सांगून वाक्य काढून टाकलं आहे. गावाला सांग की मास्तरांची लिहिण्यात चूक झाली. सात-बारावर आमचं नाव आहे. हिरामणचं नाव कूळ म्हणूनसुद्धा कधी लागलं नाही. कायद्याने प्रश्नच नाही.

एवढं लिहून चार तास झाले. पत्र टाकलं नाही. सुहासिनीने वाचलं आणि "असंच पाठवणार असाल तर पाकिटावर पत्ता तुमचा तुम्हीच लिहा" म्हणून आत गेली. म्हणून पुढचं लिहितो.

दोन वर्षांपूर्वी पुस्तकासाठी जुने कागद काढले, तेव्हा वडिलांच्या पेटीत दानपत्र सापडलं. सत्तावन्न सालचं. "माझी चार एकर खारजमीन हिरामण यास बापदेवासमोर दिली." खाली वडिलांची सही. त्यानंतर महिन्याभरात ते गेले. मला त्यांनी सांगितलं नव्हतं, याची मी शपथ घेईन. तोवर सत्तावीस वर्षं मी दर वैशाखात येऊन त्या बांधावर पहिली ढेप लावली आणि जत्रेत पहिला नारळ घेतला. कागद वाचल्यावर मला ते जमेना. पण कागद काढून देणंही जमलं नाही. ती जमीन गेली तर तामसखारमध्ये माझं म्हणून एक बंद घर उरतं. जो माणूस दोनशे गावांवर लिहितो त्याला स्वतःचं गाव नको? पाठीचं दुखणं खोटं आहे.

मात्र तूही मला वैताग वगैरे लिहू नकोस. दानपत्रावर साक्षीला तुझे वडील कान्हू यांचा अंगठा आहे आणि सबंध कागद तुझ्या अक्षरात आहे. तुझा तो लांब शेपटीचा "र" मी कुठेही ओळखेन. तू तीस वर्षं जाणून होतास. दर वर्षी मला ढेप लावायला बोलावणारं पत्र तूच लिहीत होतास. या वर्षीही तूच लिहिलंस.

नीलकंठ

*

तामसखार, ३१ मे १९८७

नीलकंठभाऊंना नमस्कार.

होय. कागद मीच लिहिला. वीस वर्षांचा होतो, गावात सातवी झालेला मी एकटाच. त्र्यंबकराव म्हणाले, "अक्षय्य तृतीयेला मी स्वतः हिरामणला देईन, तोवर बोलू नकोस." तृतीयेच्या आधीच ते गेले. तुम्ही दिवस करायला आलात, तेव्हा मला वाटलं, तुम्ही पेटी उघडाल आणि आपणहून द्याल. मग वर्ष गेलं. मग आणखी वर्षं गेली. तुमचं घर गावात आहे म्हणून शाळा आली, उघाडीला लोखंडी दार आलं. जमीन गेली तर तुम्ही यायचे बंद व्हाल, अशी भीती होती. बापदेवाचा दिवा माझ्याकडे असतो. रोज तो लावताना देवाला म्हणायचो, तुला माहीत आहे ना, मग मी कशाला सांगू? एवढी वर्षं त्याच्यावर ढकललं.

ते वाक्य मी घरी तीनदा वाचलं होतं. गाळायचं म्हणून पेन्सिलीने खूणसुद्धा केली होती. देवळात खुणेपाशी आलो आणि गाळवेना. तुम्ही ते का लिहिलंत ते तुम्हाला ठाऊक.

तुमचं पत्र आलं त्याच संध्याकाळी गाव जमवला आणि सगळं सांगितलं. कोणी ओरडलं नाही. ओरडले असते तर बरं झालं असतं. नाथा एवढंच म्हणाला, "तुझ्या बापाला मी सरल माणूस समजत व्हतो." दुसऱ्या दिवशी सकाळी दिवा लावायला गेलो, तर बापदेवाची वात माझ्याआधी कोणीतरी लावून गेलं होतं. रोज तसंच होतं आहे. मी बाहेरून हात जोडतो.

ठमाबाई मला काही बोलली नाही. तिने गावालाच विचारलं, "ढेप कवा लावायची?" मग वाद. बाईने बांधाला हात लावलेला कोणी पाहिलेला नाही. गावातला मोरू म्हणाला, "तुझ्या भावाला बोलव गो, त्यो लावंल." ती म्हणाली, "भाऊ मिठागरावर माझ्या टोपल्या वाहायला येतो काय? चिखल माझ्या वलखीचा हाय." नाथाने विचारलं, "तुला ती जमीन पायजे काय?" मला विचारला होता तोच प्रश्न. ती म्हणाली, "व्हय. पायजे."

"मंग लाव."

आज सकाळी ओहोटीला तिने ढेप लावली. एकशे तीन घरांतून एकेक माणूस उतरला. कंपनीची पोरंसुद्धा शिफ्ट बुडवून आली. मी घमेली वाहिली, कोणी अडवलं नाही. सूर्य डोक्यावर यायच्या आत तुकडा कंबरभर उभा राहिला. ओला आहे. अकरा दिवसांत किती सुकेल ते बघायचं.

वाक्य काढू नका. त्यात नाव घाला. "एका भूमिहीन कुटुंबास" असं नको, हिरामण आणि ठमाबाई असं लिहा. आणि दानपत्र घेऊन या.

दत्तात्रेय

*

रोहे, ५ जून १९८७

प्रिय दत्तू,

दानपत्र सोबत रजिस्टर टपालाने पाठवतो आहे. नावं घातली. छापखानेवाल्याने पान पुन्हा जुळवलं, त्याबद्दल दोन गोष्टी ऐकवल्या. फेरफाराला माझी सही लागेल तेव्हा कागद इकडे पाठव, करून देईन.

यायला सांगू नकोस. कोणत्या तोंडाने बांधावर उभा राहू? दोनशे गावांत माझं स्वागत झालं, चहा झाला. या एका गावात मला उतरवत नाही.

ठमाबाईला माझा नमस्कार सांग.

नीलकंठ

*

तामसखार, १३ जून १९८७

नीलकंठभाऊंना दत्तात्रेयचा नमस्कार.

परवा उधाण आलं. पाऊस आणि वारा दोन्ही होते. पाणी बांधाच्या माथ्याखाली वीतभर राहिलं. उघाडीजवळ एके ठिकाणी झिरपायला लागलं, तिथे पोरांनी पेंढ्या आणि चिखल कोंबला. ओहोटी लागेपर्यंत कोणी घरी गेलं नाही. खारजमिनीत खारं पाणी थेंबभरही आलं नाही. काल ठमाबाईने रोपं बघितली. ठीक आहेत.

रजिस्टर कालच मिळालं. घेऊन तिच्याकडे गेलो. तिने हात पुसले, कागद बघितला, तुमच्या वडिलांची सही कुठे आहे ते विचारलं, त्यावर बोट ठेवलं आणि कागद मला परत दिला. म्हणाली, "टपालानं आलेली जमीन मी घेत नाय. ज्याच्या घरातून दिली त्यानं हातात द्यावी." मी पुष्कळ समजावलं. कायदा सांगितला, तुमची लाज सांगितली, पुन्हा पाठ दुखते असंही सांगून बघितलं. ती चूल पेटवत होती, तिने मान वर केली नाही. असली हट्टी माणसं एका गावात एवढी कशी जन्माला येतात, हे तुमच्या पुस्तकात कुठे असेल तर मला दाखवा.

म्हणून कागद पुन्हा रजिस्टरने तुम्हाला पाठवला आहे. तेवीस तारखेला, मंगळवारी, अकरा वाजता ती पेणच्या कचेरीच्या पायरीशी उभी राहील. मी बरोबर असेन. नाथाही येतो म्हणतो, त्याला कोणी बोलावलेलं नाही. रोह्याहून सातची गाडी धरा, वहिनींना घेऊन या.

तोंडाची काळजी करू नका. बांध झाल्या दिवसापासून ठमाबाई अखेर माझ्याशी बोलू लागली आहे. सकाळी पाण्याला जाताना बोलते, येताना बोलते. त्र्यंबकराव, तुम्ही, मी, माझे वडील, कोणाला सोडलं नाही. तेरा दिवस मी उभ्याने ऐकतो आहे. काल निरोप दिला तो असा: "मास्तरांना सांग, भिऊ नका. त्यांच्या वाटनीचां सगलां तुला बोलून झालांय."

तेव्हा या.

दत्तात्रेय